अंगणवाडीच्या बाईंची निवड



स्मृतिव्याख्यानाला विषय मोठा असावा असा एक संकेत आहे. मी घेतलेला विषय पंचायत समितीच्या सूचनाफलकावर मावणारा आहे. बारामती आणि इंदापूर या दोन तालुक्यांच्या गावांत आणि वस्त्यांवर अंगणवाडी सेविका आणि मदतनीस नेमल्या जातात, त्या नेमणुकीत न्याय कशाला म्हणायचं आणि गुणवत्ता कशाला, एवढंच मला बोलायचं आहे.

जागा निघाली की काय होतं ते तुमच्यापैकी अनेकांना माहीत आहे. बाल विकास प्रकल्प अधिकाऱ्यांच्या कार्यालयाची जाहिरात लागते. तिचा फोटो अर्ध्या तासात गावाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर येतो. मग रहिवासी दाखला, बारावीची गुणपत्रिका, जातीचा दाखला, अपत्यांचं स्वयंघोषणापत्र, एमएस-सीआयटीचं प्रमाणपत्र अशी कागदांची जुळवाजुळव सुरू होते. झेरॉक्सच्या दुकानात बायका एकमेकींचे टक्के विचारत उभ्या असतात. एका जागेसाठी एकाच भावकीतल्या दोन जावांनी अर्ज केले की त्या घराची दिवाळी कशी जाते, हे मी सांगायला नको.

आज ही निवड मुख्यतः २ फेब्रुवारी २०२३ च्या शासन निर्णयावर चालते. सेविका असो वा मदतनीस, किमान पात्रता बारावी. वय १८ ते ३५, विधवांसाठी ४० पर्यंत. उमेदवार स्थानिक रहिवासी हवी, हयात अपत्यं दोनपेक्षा जास्त नकोत. गुण एकूण १००. त्यातले ८० शिक्षणाचे: बारावीचे टक्के, मग पदवी, पदव्युत्तर पदवी, डी.एड., बी.एड., संगणक. उरलेल्या २० मध्ये विधवा आणि अनाथ उमेदवार, मागास प्रवर्ग आणि आधीचा अनुभव. बेरीज होते, यादी लागते, हरकती मागवल्या जातात, अंतिम यादी लागते. मुलाखत नाही.

मुलाखत नाही, याचं मोल आधी मान्य करू या. या गुणांकनावर मी आज बरीच टीका करणार आहे, पण ते काढून टाका असं मी म्हणणार नाही. ज्या तालुक्यांत कारखाना, दूध संघ, बाजार समिती, सोसायटी आणि शिक्षण संस्था एकमेकांच्या ओळखीवर चालतात, तिथे ‘चिठ्ठी’ या कागदाला किती वजन असतं ते आपण सगळे जाणतो. सरपंचांची भावजय, चेअरमनांची पुतणी, ज्यांनी अंगणवाडीला जागा दिली त्यांची सून. यातली एखादी उत्तम बाई असेलही. पण जिच्या घरात कोणी कुठल्याच बोर्डावर नाही, त्या बाईने अर्ज तरी का करावा, याला पूर्वी उत्तर नव्हतं. आता आहे. तिने बेरीज स्वतः करावी, शेजारणीची बेरीज पाहावी आणि चूक दिसली तर हरकत घ्यावी. ज्या यादीवर हरकत घेता येते ती यादी अर्धा न्याय देऊन जाते.

उरलेल्या अर्ध्याची गोष्ट मोठी आहे.

बारावीच्या टक्क्यांपासून सुरू करू. यंदा एखाद्या वस्तीवर दोघींनी अर्ज केला असं धरा. एक चौतीस वर्षांची. तिची बारावी झाली तेव्हा परीक्षा पूर्ण व्हायची, उत्तरपत्रिका तपासल्या जायच्या, आणि कला शाखेत ५४ टक्के म्हणजे घरी पेढे यायचे. दुसरीने २०२१ साली बारावी केली. त्या वर्षी करोनामुळे परीक्षाच झाली नाही. दहावी, अकरावी आणि वर्षभरातलं मूल्यमापन एकत्र करून निकाल लागला आणि राज्याचा निकाल ९९.६३ टक्के होता. तिने काही गैर केलेलं नाही, मिळाले ते टक्के तिचेच. पण या दोन गुणपत्रिका एकाच फूटपट्टीने मोजून आपण ‘गुणवत्तेनुसार’ हा शब्द लिहितो, तेव्हा आपण वर्षांचा फरक मोजत असतो. बाईचा नाही.

पदव्यांचं तसंच. अंगणवाडीच्या यादीत बी.एड. आणि एम.ए. झालेल्या मुली वर दिसतात, त्यामागे आपल्याच राज्याचा एक इतिहास आहे. गावोगाव डी.एड. कॉलेजं निघाली, मुलींनी भराभर प्रवेश घेतले, आणि २०११ च्या पटपडताळणीनंतर शिक्षकभरती जवळजवळ थांबली. ‘मास्तरीण होईल’ म्हणून ज्यांच्यावर बापाने पैसे घातले त्या मुली थांबून थांबून तिशीला आल्या आणि इकडे वळल्या. त्यांचं इथे येणं मला चुकीचं वाटत नाही. पण शिक्षकभरतीचा तुंबलेला लोंढा अंगणवाडीच्या दारातून काढायचा आणि त्याला गुणवत्ता म्हणायचं, हे सरकारच्या सोयीचं आहे. तीन वर्षांच्या पोराला त्याने काही मिळतंच असं नाही.

ते पोर सकाळी येतं तेव्हा बाईंचं काम काय असतं? त्याला आईपासून सोडवून घ्यायचं. नाक पुसायचं. गाणं म्हणायचं, गोष्ट सांगायची, आणि ती ‘आकार’ अभ्यासक्रमात त्या आठवड्याला काय सांगितलंय त्याच्याशी जुळवायची. गरम आहार शिजला का, पुरला का ते बघायचं. वजन, उंची, दंडघेर. दंडघेराची पट्टी साडेअकरा सेंटिमीटरच्या खाली गेली की मूल तीव्र कुपोषित, आणि मग त्या घरी जाऊन, सासूसमोर, सुनेला दोष न लावता ते सांगायचं. गरोदर बाईची नोंद, स्तनदा मातेचा घरपोच आहार, लसीकरणाच्या दिवशी सिस्टर आणि आशाताईंबरोबर मुलं गोळा करणं. शिवाय मोबाइल. पोषण ट्रॅकरमधली नोंद दिवसाच्या दिवस भरली पाहिजे. २०२१ मध्ये राज्यभरच्या सेविकांनी सरकारी मोबाइल परत केले. निकृष्ट मोबाइल आणि इंग्रजीत नोंदी मागणारं अॅप, ही तक्रार होती. त्या बायकांना आळशी म्हणणाऱ्यांनी तो मोबाइल एक दिवस वापरून बघायला हवा होता.

या कामातलं कोणतं कौशल्य बारावीच्या इतिहासाच्या पेपरात तपासलं जातं?

इथे मला याच मातीतल्या एका बाईंचं नाव घ्यायचं आहे. अनुताई वाघ यांचा जन्म १७ मार्च १९१० चा, मोरगावचा. आपल्या बारामती तालुक्यातलं मोरगाव. मयूरेश्वरामुळे ते अष्टविनायकाच्या यात्रेकरूंना माहीत असतं, अनुताईंमुळे फारसं कुणाला नाही, याचं मला नेहमी नवल वाटतं. तेराव्या वर्षी लग्न, काही महिन्यांतच वैधव्य. मग व्हर्नाक्युलर फायनल, पुण्यात अध्यापिकेचं प्रशिक्षण, नाशिक जिल्ह्यात चांदवडला नोकरी, नंतर पुण्यात हुजूरपागेत. मॅट्रिक झाल्या त्या नोकरी सांभाळून, रात्रशाळेतून. १९४५ साली ताराबाई मोडकांबरोबर त्या ठाणे जिल्ह्यातल्या बोर्डीला गेल्या. आज ते गाव पालघर जिल्ह्यात येतं. तिथे ग्राम बाल शिक्षा केंद्र उभं राहिलं. दलित वस्तीतली मुलं बालवाडीत येत नाहीत म्हटल्यावर या बायकांनी बालवाडी वस्तीच्या अंगणात नेली. १९५७ मध्ये काम कोसबाडच्या टेकडीवर गेलं, आदिवासी मुलांसाठी. अनुताई पदवीधर झाल्या १९६१ साली, वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी, डोळे साथ देत नसताना. केंद्र सरकारने २ ऑक्टोबर १९७५ रोजी देशात ३३ ठिकाणी एकात्मिक बाल विकास सेवा योजना सुरू केली, तेव्हा कोसबाडला हे काम कित्येक वर्षं चालू होतं.

आता त्या १९४५ मधल्या अनुताईंचा अर्ज आजच्या निकषांवर तपासा. वय पस्तीस. विधवा, त्यामुळे वयाची सवलत आणि जास्तीचे गुण. शिक्षण मॅट्रिक. अर्ज अपात्र.

हे टाळीसाठी केलेलं उदाहरण आहे असं कुणी म्हणेल. काळ वेगळा होता, तेव्हाची मॅट्रिक आजच्या बारावीला भारी होती, हे सगळं मान्य. माझा मुद्दा क्रमाचा आहे. अनुताईंच्या बाबतीत काम आधी आलं आणि प्रमाणपत्र मागून, कामाने ओढून आणलं. आपण प्रमाणपत्र दाराशी मागतो आणि आत गेल्यावर कामाकडे बघत नाही.

मदतनिसांचं दुखणं याच क्रमाचं आहे. इंदापूरच्या पट्ट्यात पळसदेवपासून निमगाव केतकीपर्यंत कुठल्याही जुन्या अंगणवाडीत जा. तिथे वीस-पंचवीस वर्षं काम करणारी एखादी मदतनीस भेटेल. सातवी-आठवी शिकलेली. सेविकेची जागा रिकामी असताना सहा-सहा महिने केंद्र तिनेच चालवलेलं असतं. कोणतं मूल कशाने रडतं, कुठल्या घरात आई ऊस बांधणीला जाते, कुठल्या घरात बाप पितो, तिला सगळं ठाऊक. मग यादी लागते आणि बाविशीची एक पदवीधर मुलगी तिची वरिष्ठ म्हणून येते. पहिलं वर्षभर ती मुलगी मदतनीसबाईंकडूनच काम शिकते, आणि पगारपत्रकात मात्र उलट. केंद्राच्या नव्या मार्गदर्शक सूचनांत सेविकांच्या निम्म्या जागा पाच वर्षं अनुभव असलेल्या मदतनिसांमधून आणि पर्यवेक्षिकांच्या निम्म्या जागा सेविकांमधून भरायचं सांगितलं आहे. सूचना चांगली. तिला जोडलेला ‘इतर पात्रता पूर्ण असल्यास’ हा शेपटीतला शब्द जुन्या मदतनिसांना पुन्हा दाराबाहेर ठेवतो.

आता राहण्याच्या अटीकडे येतो. ही अट मला मनापासून पटते. मुलांची भाषा, त्यांची घरं, रात्रीबेरात्री आलेली अडचण, या सगळ्यासाठी बाई जवळची हवी. तालुक्याहून स्कूटीवर येणारी बाई साडेदहाला पोचते आणि एक वाजता तिचं लक्ष घड्याळाकडे जातं, मग ती कितीही शिकलेली असो. पण आपल्याकडची वस्ती कशी आहे बघा. नीरा डाव्या कालव्याच्या बागायती पट्ट्यात माणसं गावठाणात कमी आणि आपापल्या शेतातल्या वस्तीवर जास्त राहतात. वस्तीला भावकीचं नाव असतं. अंगणवाडी एका भावकीच्या वस्तीवर मंजूर झाली की स्थानिक रहिवासी म्हणजे बहुतेक वेळा त्याच आडनावाची सून. पलीकडच्या ओढ्यापाशी चार-पाच घरं मातंग किंवा रामोशी समाजाची असतात, त्यांची मुलं त्याच अंगणवाडीत यायची असतात. त्या घरांतली बारावी झालेली मुलगी ‘स्थानिक’ धरायची की नाही, हे दाखला देणाऱ्याच्या पेनावर ठरतं. शासन निर्णयात मागास प्रवर्गाला गुण आहेत. पण ज्या अर्जावर ते गुण द्यायचे तो अर्जच रहिवासाच्या रकान्यात बाद झाला, तर गुण कुणाला देणार?

आणि बाईचं राहणं हे मुळात कुणाचं? अठरा ते पस्तीस हे नेमकं लग्न होण्याचं आणि घर बदलण्याचं वय. माहेरच्या गावची मुलगी नेमली तर ‘उद्या लग्न करून जाईल’. नवी सून नेमली तर ‘हिला गाव कुठे माहीत आहे’. नवऱ्याने टाकल्यामुळे पोरांना घेऊन सुप्याला किंवा लोणी भापकरला भावाच्या घरी राहणाऱ्या बाईचं आधार कार्ड सासरचं, रेशनकार्ड सासरचं, मतदार यादीत नाव सासरी. ती दहा वर्षं इथेच असते आणि कागदावर इथली नसते. विधवेजवळ मृत्यूचा दाखला असतो, तो जोडला की गुण मिळतात. टाकलेल्या बाईने कुठला दाखला जोडायचा? नवरा तालुक्यातच दुसरा संसार करून राहतोय, याचं प्रमाणपत्र कुठलीही ग्रामपंचायत देत नाही. दोन अपत्यांच्या अटीबद्दल थोडक्यात बोलतो. उसाच्या पट्ट्यात तिसरं मूल कुणाच्या हट्टाने होतं ते आपण जाणतो, आणि त्याची शिक्षा मात्र अर्जदार बाईला होते.

न्यायाचा आणखी एक हिशेब आहे, तो सरकारच्या बाजूचा. इतकी कागदपत्रं, इतकी गुणांकनं, इतकी काटेकोर छाननी कशासाठी चालते? पदासाठी. मग हे पद आहे का? २००६ मध्ये कर्नाटक सरकार विरुद्ध अमीरबी या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अंगणवाडी सेविका हे शासकीय सेवेतलं पद नाही. त्याच्या आधाराने राज्याराज्यांनी वर्षानुवर्षं सांगितलं की या ‘मानसेवी’ आहेत, यांना पगार नाही, मानधन असतं. २५ एप्रिल २०२२ रोजी गुजरातच्या मणिबेन भारिया यांच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने वेगळी दिशा घेतली. न्यायमूर्ती अजय रस्तोगी आणि न्यायमूर्ती अभय ओक यांच्या खंडपीठाने सेविका आणि मदतनिसांना ग्रॅच्युइटीचा कायदा लागू होतो असं ठरवलं. अन्नसुरक्षा कायद्याने आणि शिक्षणहक्क कायद्याने जी कामं सरकारवर टाकली ती या बायका करतात, तेव्हा हे काम हौसेचं नाही, हा त्यामागचा विचार.

आपल्या राज्यात काय चित्र आहे? केंद्राने २०१८ मध्ये सेविकेचं मानधन ४,५०० रुपये केलं. राज्याने त्यात भर घालत २०२३ मध्ये ते १० हजारांवर नेलं, २०२४ मध्ये आणखी वाढवलं. मधल्या काळात, डिसेंबर २०२३ पासून, पन्नासहून जास्त दिवस संप झाला. राज्यातल्या सुमारे एक लाख दहा हजार अंगणवाड्यांपैकी बहुतेकांना कुलूप होतं. नेमणुकीच्या दिवशी या बाईला आपण सरकारी नोकरीची चाळणी लावतो आणि पगाराच्या दिवशी समाजसेविका म्हणतो. जिला पद म्हणून निवडायचं तिला पद म्हणून वागवा. ते जमत नसेल तर निदान पदवीचे गुण मागू नका.

आता कुणी विचारेल, मग करायचं काय? माझ्याकडे मोठी योजना नाही. तीन-चार गोष्टी सुचतात.

बारावी ही अट दारापुरती ठेवावी. बारावी झालेली ती पात्र, पुढे टक्क्यांचे आणि पदव्यांचे ढीग मोजू नयेत. जुन्या मदतनिसांसाठी ही अटसुद्धा दारात नको. राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने २०२० मध्येच बारावीखालच्या सेविकांसाठी एक वर्षाच्या पदविकेची आणि बारावीवरच्यांसाठी सहा महिन्यांच्या प्रमाणपत्राची वाट सांगितली आहे. तीच वाट मदतनिसांना द्या. आधी सेविका करा, मग दोन वर्षांत पदविका पूर्ण करायला लावा.

टक्क्यांच्या जागी कामाची प्रात्यक्षिक परीक्षा घ्यावी. एसटीत ड्रायव्हर घेताना गाडी चालवून दाखवायला सांगतात, त्याच्या भूगोलाच्या गुणांवर भागवत नाहीत. इथेही काटा ठेवा, मूल ठेवा, वाढीचा तक्ता ठेवा. वजन घेऊन ठिपका बरोबर जागी पडतो का बघा. दंडघेराची पट्टी लावायला सांगा. मोबाइलवर एक नोंद करायला सांगा. एक गोष्ट सांगायला लावा आणि मुलं किती वेळ बसतात ते बघा. पहिल्या तिन्हींची उत्तरं बरोबर किंवा चूक अशीच असतात, तिथे चिठ्ठी चालत नाही. गोष्टीच्या परीक्षेत मर्जीला वाव आहे, हे मला कळतं. म्हणून तिचे गुण थोडे ठेवा, परीक्षक बाहेरच्या तालुक्यातल्या पर्यवेक्षिका असू द्या, बारामतीला दौंडच्या आणि इंदापूरला पुरंदरच्या. आणि प्रत्येकीला किती गुण दिले तो कागद ग्रामपंचायतीच्या फलकावर लावा.

टाकलेल्या बाईच्या रहिवासासाठी मुलांच्या शाळेचा दाखला पुरावा म्हणून धरावा. ती तीन वर्षं इथे राहिली का, हे शाळेच्या हजेरीपटाइतकं खरं दुसरं कोण सांगणार?

शेवटचं सांगायचं राहिलं ते भाषेचं, आणि ते इथल्या कारखान्यांशी जोडलेलं आहे. शासन निर्णयात एक चांगलं कलम आहे. ज्या केंद्रातली निम्म्याहून जास्त मुलं मराठीशिवाय दुसरी भाषा बोलतात, तिथे ती भाषा येणारी बाई हवी. दिवाळीच्या आगेमागे माळेगाव, सोमेश्वर आणि भवानीनगरच्या कारखान्यांभोवती ऊसतोड मजुरांच्या कोप्या पडतात. बीडकडून, नगरकडून टोळ्या येतात, त्यांत लमाण तांड्यांवरची कुटुंबंही असतात, आणि त्यांची मुलं पहाटेपासून फडात असतात. चार-पाच महिने या तालुक्यांत जी मुलं अंगणवाडीच्या वयाची आहेत त्यांच्यात ती मोजायला हवीत. पण केंद्राची पटसंख्या कायम रहिवाशांच्या सर्वेक्षणावर ठरते, म्हणून भाषेच्या त्या हिशेबात ती येत नाहीत आणि गोरमाटी बोलणारी बाई त्यांच्यासाठी कधी नेमलीच जात नाही. टोळ्यांबरोबर बारावी झालेल्या सुनाही आता येतात. त्यांना फडात कोयता धरावा लागतो, कारण उचल दोघांच्या नावावर घेतलेली असते. कारखान्याने आणि बाल विकास प्रकल्पाने मिळून हंगामापुरती मदतनीस याच टोळीतून घ्यावी, तिचं मानधन तिच्या उचलीत वळतं करू नये आणि त्या हंगामाचा अनुभव गावाकडे धारूरला किंवा पाथर्डीला अर्ज करताना तिच्या गुणांत धरावा. त्यासाठी कारखान्याच्या शेतकी अधिकाऱ्याचं एक पत्र पुरेल. गाळप ऑक्टोबर-नोव्हेंबरात सुरू होतं. टोळ्यांचे करार त्याआधी होतात, तेव्हा हे पत्र पावसाळ्यातच तयार व्हायला हवं.